श्रावणच्या नावाचा थेंब

देवानंदला सायकलचं वेड होतं, आणि त्या वेडाला ऊर्जानगरच्या वसाहतीत कुणी फारशी किंमत देत नसे. वीजकेंद्रात कोळशाच्या पट्ट्यावर त्याच्या जोडीनं लागलेले फिटर केव्हाच मोटरसायकलवर आले होते, उरलेल्यांना बस होती. हा मात्र पहिल्या पाळीलासुद्धा सायकलवर, टिंग टिंग करत. घंटी नवी होती आणि तिची वाटी अशी चकचकीत, की तीत बघून भांग पाडावा. "देवा, आतातरी गाडी घे ना बे," असं कुणी म्हटलं की हा घंटी वाजवायचा आणि पुढं निघायचा. तेवढंच त्याचं उत्तर.

दोन हजार एक की दोनची गोष्ट. नाशिककडचा एक साहेब त्यांच्या विभागात बदलून आला होता. त्यानं एकदा चहाच्या वेळी सांगितलं, की परदेशात लोक रजा काढून द्राक्षांच्या मुलखात सायकलवर हिंडतात. वाटाड्या नाही, सोबती नाही. या गावची वाइन चाखायची, त्या गावची चाखायची आणि दिवस मावळेल तिथं पाठ टेकायची. सगळे हसले. देवानंद हसला नाही. द्राक्षं नसतील आपल्याकडं, पण मोह आहे ना! वैनगंगेच्या अलीकडची मोहाची वेगळी, पलीकडची वेगळी, एका गावच्या दारूला धुराचा वास तर दुसऱ्या गावची गुळचट, हे तो लहानपणापासून ऐकत आला होता. चैत्र लागला होता, फुलं पडत होती. त्यानं रजा टाकली आणि टायरमध्ये हवा भरली.

निघताना देवकाबाईनं, त्याच्या आईनं, पोळ्या आणि जवसाची चटणी बांधून दिली. मग नेहमीचं वाक्य आलंच.

"जाशीन तिथी श्रावणचं विचारजो."

"हो माय."

श्रावण हा त्याचा मोठा भाऊ. दहा-अकरा वर्षांपूर्वी असाच एका सकाळी याच क्वार्टरमधून सायकल घेऊन बाहेर पडला, तो आलाच नाही. भांडण नाही, तंटा नाही. जाताना त्याच्या सायकलच्या घंटीला वाटीसुद्धा नव्हती. ती कधीच कुठं पडून गेली होती, त्यामुळं घंटी दाबली की नुसतं 'खट्ट' व्हायचं. पोलीस झाले, देव झाले, ज्योतिषी झाले. शेवटी घरातला माणूस नसण्याचीही सवय होते तशी देवानंदला झाली. आईला झाली नाही. दिवेलागणीला ती पितळेचा गडवा पाण्यानं भरायची आणि दाराबाहेर ठेवायची. तिचा श्रावण कधीही, कुठूनही, तहानलेला येणार होता. सकाळी ते पाणी तुळशीला घालायचं आणि संध्याकाळी पुन्हा गडवा भरायचा. एकही दिवस खंड नाही.

देवानंदला तो गडवा बघवत नसे. कधी तो मनात म्हणायचा, मेला असेल तर मेला म्हणून कळू दे, आईचा जीव एकदाचा मोकळा होऊ दे. आणि असं म्हटल्याबद्दल स्वतःवरच चिडायचा.

तर निघाला. गोंडपिपरीपर्यंत ऊन सोसलं. पुढं आष्टीचा पूल ओलांडला की गडचिरोली जिल्हा, तिथं दारूबंदी. त्यामुळं तिथं कुणाच्या दारात उघड विचारायची सोय नव्हती. "पाहुणे, पाणी पेता का?" असं विचारताना घरधनी जरा जास्तच हसला, की समजायचं. देवानंद पट्टीचा पिणारा नव्हता. घोटभर घ्यायचा, जिभेवर फिरवायचा, दोन गोष्टी करायचा, श्रावणचं विचारायचा आणि पायडल मारायचा. मुलचेऱ्याच्या भोवतालची निर्वासित बंगाल्यांची गावं, त्यांची मासळीची तळी, केळी मागं पडली. मग जंगल लागलं. पहाटे उठून तो रस्त्यानं निघाला की दोन्ही बाजूंना मोहाखाली बायका टोपल्या घेऊन वाकलेल्या असायच्या, आणि फुलं त्यांच्या पाठीवरसुद्धा पडायची. टप. टप. त्या वासानंच डोकं हलकं व्हायचं. इतक्या वर्षांत आपण इतके सुखी नव्हतो, असं त्याला वाटलं आणि वाटलं ते खरंच होतं.

तिसऱ्या दिवशी ऐन दुपारी तो एका पाड्यावर पोचला. चार-सहा घरं. पत्रू नावाच्या म्हाताऱ्यानं त्याला ओसरीवर बसवलं. अंगणात मोहफुलं वाळत पडली होती. पत्रूची बायको सुकरी हिनं पळसाच्या पानांचे दोने लावले आणि आतून मडकं आणलं.

"पहिल्या धारेची हाये," ती म्हणाली. "हळू घेजो, भाऊ."

देवानंदनं दोना तोंडाशी नेला, तसा पत्रूनं त्याचा हात धरला.

"आधी त्याइले, मंग आपल्याले. तुह्या घरचे जे गेले त्याइचं नाव घे, आन एकेक थेंब भुईवर सोड. तेही बसतेत आपल्या पंगतीत."

आधीच्या गावांतही त्यानं हे पाहिलं होतं, पण तिथं घरधनीच थेंब सोडायचा. आज पहिल्यांदाच कुणी त्याला त्याच्या माणसांसाठी सोडायला सांगितलं. त्याला बरं वाटलं. त्यानं बोट बुडवलं आणि सारवलेल्या भुईवर थेंब सोडला.

"आजा, इस्तारी."

दुसरा थेंब. "बाबा, रामाजी."

इथं थांबायचं होतं. पण बोट पुन्हा दोन्यात गेलं. सवयीनं गेलं, थकव्यानं गेलं, की मनात इतकी वर्षं दाबून ठेवलेलं आपोआप वर आलं, देव जाणे. बाबांच्या थेंबाला अगदी लागून तिसरा थेंब पडला.

"श्रावणभाऊ."

पत्रू मान हलवत होता. मग तो भुईकडं बघून थांबला. उन्हानं तापलेली भुई, पहिला थेंब केव्हाच जिरला होता. दुसऱ्याचा डागही मावळत आला. तिसरा मात्र तसाच, पानावरच्या दवासारखा, गोल, उभा.

"हा कोण, बाबू?" पत्रूचा आवाज खाली आला.

"माहा मोठा भाऊ."

"मेला तवा तू होता जवळ?"

"नाई… तो गेला घरातून. पत्ताच नाई."

सुकरीनं हातातलं मडकं खाली ठेवलं आणि ती उठून आत गेली. तिनं आतून दार लोटून घेतलं.

"जिता हाये तो," पत्रू म्हणाला. "मेलेला असता तं मातीनं थेंब घेतला असता."

 जिता आहे! श्रावण जिता आहे! आईचं खरं होतं, गडवा खरा होता. त्याचे डोळे भरून आले, तो हसायलाच लागला. पण पत्रू हसत नव्हता.

"जित्याले मेलेल्याइच्या पंगतीत बसवलं तू, बाबू. बोलावणं गेलं… ते वापस नाई येत."

"मंग? मंग काय होते?"

"तो येते. ज्या दारातून निघाला होता, त्या दारात येते. पाणी मागते. घरच्याइनं नाई देलं, तं गेला तसा वापस जाते, आन जगते. पण घरचं पाणी पेला…" पत्रूनं वाक्य सोडून दिलं. "घरी कोण हाये तुह्या?"

देवानंदच्या डोळ्यांसमोर दाराबाहेरचा तो पितळी गडवा आला. त्यानं दोना तसाच ठेवला आणि सायकल उचलली.

दुपारचं जंगल ज्यानं पाहिलंय त्यालाच कळेल. रात्री निदान काहीतरी बोलत असतं. दुपारी पाखरू नाही, पान नाही, नुसतं ऊन उभं. देवानंद जीव खाऊन पायडल मारत होता. ही सगळी अडाणी समजूत आहे, असं स्वतःला सांगत होता आणि पायांना जरासुद्धा सैल सोडत नव्हता. मुलचेऱ्यात फोन करावा म्हणून उतरला, तर लाइन बंद. "आष्टीले जा, तिथी लागंल," बूथवाल्यानं सांगितलं.

मुलचेरा सुटल्यावर ऊन कलायला लागलं, आणि मागं आवाज आला.

टप.

मोहफूल पडल्याचा. त्यानं तसंच पुढं दामटलं. मग त्याच्या लक्षात आलं. मोह पहाटे पडतो. दिवस कलल्यावर एक फूल पडत नाही.

टप… टप… टप. त्याच्या मागून, रस्त्याच्या कडेकडेनं, त्याच्याच वेगानं. कुणी जाताना झाडं हलवत येत असावं तसं. आणि तो वास आला, गोड, आंबूस, गच्च. त्यानं मागं पाहिलं. रस्ता रिकामा होता.

"कोण हाये?" त्यानं विचारलं. स्वतःचाच आवाज त्याला परका वाटला.

 मागून, जरा जवळून…

खट्ट.

 तो आवाज त्यानं इतक्या वर्षांत ऐकला नव्हता, पण लाखात ओळखला असता. वाटी नसलेली घंटी.

"भाऊ… वापस जा," तो पुटपुटला. "म्या चुकून नाव घेतलं, भाऊ. वापस जाय."

खट्ट. आता बरोबरीनं. त्याच्या उजव्या हाताशी वारा लागला, जवळून सायकल गेल्यावर लागतो तेवढाच. साखळीची करकर त्याच्या कानाजवळून गेली. मग आवाज पुढं झाला. खट्ट… खट्ट… लांब, आणखी लांब. पुढच्या वळणावर धुळीत टायरची एकच ओळ उमटलेली होती, ताजी. तिच्या कडा अजून ढासळत होत्या. ती ओळ आष्टीकडं, पुलाकडं, घराकडं जात होती.

त्याला धरता येणार नव्हतं. फोन गाठायचा, एवढंच उरलं होतं. मांड्यांत गोळे आले तरी देवानंद थांबला नाही. रडत होता हे त्याला आष्टीचे दिवे दिसल्यावर कळलं.

बूथमध्ये शिरून त्यानं शेजारच्या साधनाबाईंचा नंबर फिरवला. घंटी वाजत राहिली. बाहेर पानटपरीवर दिवा लागत होता. म्हणजे तिकडंही दिवेलागण झाली होती.

"साधनाबाई, मी देवा. मायले बोलवा ना, लवकर… आन तिले सांगा, आज गडवा…"

"थांबा, इथीच आली हाये ती. तुमचा फोन आला का म्हणून विचाराले आली हाये," साधनाबाई म्हणाल्या. "लय खुश हाये."

मग देवकाबाईचा आवाज आला. इतका तरुण आवाज त्यानं कित्येक वर्षांत ऐकला नव्हता.

"देवा! अरे, श्रावण आला होता!"



"माय… पाणी?"

"पेला ना! गडवा उचलला आन घटाघटा पेला, एक थेंब नाई ठेवला. वाळून गेला रे, पण तोच हाये. म्या म्हटलं आत ये, जेव. तं म्हणे, बसता येत नाई माय, जागा धरून ठेवली हाये."

"कुठी… जागा?"

"तेच तं मले समजलं नाई. म्हणे, देवानं मले बाबाच्या बाजूले बसवलं." आई जराशी हसली. "कुठी बसवलं रे तू त्याले? तुले भेटला होता का? सांगून नाई राह्यला मले!"

देवानंदनं रिसीव्हर कानाशी घट्ट दाबला.

"आन एकटा नव्हता तो," आई सांगत होती. आता तिचा आवाज थोडा हळू झाला होता. "फाटकाबाहेर दोघं उभे होते. म्हातारे. अंधार पडून राह्यला होता, तोंड नाई दिसलं. या म्हटलं तं आले नाईत. एक जण खोकलत होता… तुह्या बाबासारखा. श्रावण पाणी पेला तसं त्याइनं त्याले मधात घेतलं आन तिघं निघून गेले."   मग तिनं अगदी बारीक आवाजात विचारलं, "देवा… उद्यापासून गडवा भरू का नोको रे?"

तिला कळलं होतं का? की नव्हतं? पुढं कितीही वर्षं गेली तरी त्याला हे विचारता आलं नाही.  त्या वेळी त्यानं नुसता फोन ठेवला.

बाहेर अंधार झाला होता. रस्त्यावर माणसं होती, एक बैलबंडी वाट अडवून उभी होती. त्यानं सायकल स्टँडवरून काढली आणि वाट मागायला सवयीनं घंटी दाबली.

खट्ट.

त्यानं खाली वाकून पाहिलं. त्याच्या नव्या घंटीवर वाटी नव्हती.