तिसरी हाक

तेजस, तो मोबाईल आधी उलटा ठेव. हसायचं असेल तर घरी जा. नरहरी माझा लहानपणापासूनचा मित्र. हे त्यानं स्वतः मला सांगितलंय, आणि तो थापा मारणाऱ्यातला नाही.

इथे वसईत, सांडोरला त्याची केळीची वाडी. सावित्रीवहिनी गेल्यापासून घरात एकटाच. मुलगा केयूर स्वयंपाक्याची नोकरी म्हणून परदेशी गेला, आणि न कळणाऱ्या भाषेतल्या कागदांवर सह्या घेऊन त्याला तिथल्या लढाईत उभं केलं. बर्फात. अशी बरीच पोरं अडकली होती. गावात दोन तट पडले. काही म्हणाले, स्वतःच्या पायानं गेलाय, आता रडता कशाला? पण आमच्या लेकीनं, मर्सीनं, पोरांना परत आणा म्हणून अर्ज काढला, आणि बघता बघता पापडीपासून राजोडीपर्यंत सह्या झाल्या. केयूरच्या बापाचीच नव्हती. केयूरला तिकडे पाठवणाऱ्या एजंटानं त्याला दम दिला होता, बोंब मारलीत तर पोराचे हाल होतील. मर्सी रोज जायची, हा रोज उद्या म्हणायचा. मला भयंकर राग यायचा त्याचा.

गेल्या मार्गशीर्षातला दुसरा गुरुवार. बायकोचं व्रत तो एकटाच चालवायचा. रात्री साडेआठला नैवेद्यासाठी केळीचं पान आणायला कोयता घेऊन वाडीत गेला. बावखलाच्या काठाशी पोचला, आणि पाण्याकडून हाक आली.

"बाबा."

केयूरचा आवाज. अगदी जवळून.

आपल्याकडे काय सांगतात? रात्री वाडीत तिसऱ्या हाकेशिवाय ओ देऊ नये. भूत दोनदाच हाक मारतं. नरहरीनंच पोराला हे शिकवलेलं. तो गप्प राहिला.

"बाबा... थंडी वाजतेय."

दोन झाल्या.

तो थांबला. तिसरीसाठी. कोयता हातातून गळला. एक पान हललं नाही...

उजाडलं. तिसरी आलीच नाही.

तसाच धावत आमच्याकडे आला. सही केली आणि ओट्यावर बसून रडला. म्हणाला, "गॉडफ्रे, माझंच पोर होतं रे. ओ द्यायला हवी होती."

तीन आठवड्यांनी पत्र आलं. केयूर गेला होता. तारीख त्याच गुरुवारची. आता बाकीच्या पोरांसाठी नरहरीच अर्ज घेऊन दारोदार फिरतो. रात्री पहिल्याच हाकेला ओ देतो. कुणी मारली नाही तरी देतो.

हां, पानाचं राहिलंच. त्या रात्री त्यानं एकही कापलं नव्हतं. पण सकाळी मी त्याला घरी सोडायला गेलो, तर उंबऱ्यावर पाच पानं, केळीच्या सोपाच्या दोरीनं बांधलेली. उचलली तर गारेगार, कडा बर्फानं काळ्या पडलेल्या. वसईत कधी केळीचं पान बर्फानं करपलंय? आणि गाठ डाव्या हाताची... तशी त्या वाडीत एकटा केयूर मारायचा.