पाठमोऱ्या बाईची नाडी

कोल्हापूरच्या नाडीछाप प्रयोगशाळेत आलेली म्हातारी खोटं बोलते आहे, अशी शंका डॉ. मृदुला साळोखे यांना पहिल्या पाच मिनिटांतच आली. खोटं बोलणारी माणसं तपशील फार देतात. हिराक्का सुतार तर जुन्या फितीतल्या पडद्याच्या झालरीचा रंगही सांगत होत्या.

"शहाऐंशी सालचा तुकडा. त्यातली बाई मीच. पाठमोरी हाय, तोंड दिसत न्हाई. जाळून टाका, एवढंच मागणं हाय."

तुकडा ही त्या काळच्या टॉकीजवाल्यांची चलाखी होती. कौटुंबिक सिनेमा चालू असताना मध्येच तीन मिनिटांची उघडीवाघडी फीत घुसडायची. सेन्सॉरला तिचा पत्ता नसे, गावाला मात्र बरोबर असे. त्यातल्या बायकांची नावं कुणी लिहून ठेवली नाहीत. पन्नास वर्षांनी आलेल्या कायद्याने त्या कलावंत ठरल्या. ओळख पटली, की फीत नष्ट करायची की नावानिशी जपायची, हे त्या बाईनेच ठरवायचं. देशात ही तपासणी फक्त इथेच होई.

"पंच्याहत्तरीची बाई असल्या गोष्टीत खोटं कशाला बोलेल?" सहकारी डॉ. बारदेस्करांनी हळूच विचारलं.

"तेच कळत नाही. म्हणून तर संशय येतो."

"पाठीवरनं माणूस कसं वळखणार?" हिराक्कांनी विचारलं.

"दर ठोक्याला कातडीचा रंग किंचित बदलतो," बारदेस्कर समजावू लागले. "डोळ्याला दिसत नाही, पण फितीवर उतरतो. त्यातून यंत्र नाडीची लहर काढतं. तिचा आकार जन्मभर तोच राहतो. निम्मा आईकडून येतो, निम्मा वडिलांकडून."

हिराक्कांचा चेहरा उतरला. "म्हंजे लेकीवरनं आईबी कळती?"

"कळते."

"मग ह्या म्याडम नकोत. तुमीच तपासा, सायेब."

आता मृदुलांचं डोकं फिरलं. या दोघांचं आधीच संगनमत तर नाही, असाही वंगाळ विचार त्यांच्या मनात आला. "मीच तपासणार," त्या म्हणाल्या.

यंत्र जुळवण्यासाठी तपासनीस आधी स्वतःचं बोट ठेवतो आणि मग तो नमुना पुसून टाकतो. रागाच्या भरात मृदुला पुसायला विसरल्या. हिराक्कांचं बोट ठेवलं, फीत फिरली, पडद्यावर दोन ओळी उमटल्या.

हिराक्का सुतार: जुळणी नाही.

तपासनीस: निम्मी जुळणी.

बारदेस्कर चष्मा काढून पुसत बाहेर गेले. मृदुला एकुलत्या एक होत्या आणि शहाऐंशीत जन्मल्याही नव्हत्या. फितीतली बाई कोण, याला दुसरं उत्तरच नव्हतं.

"मी तिचे केस बांधायची," हिराक्का म्हणाल्या. "फीत तुज्या टेबलावर येनार म्हंटल्यावर जीव राहिला न्हाई, पोरी. तिला म्हाईत न्हाई मी आल्याचं."

मृदुलांना रडू आलं, आणि रागही आला. कॉलेजात असताना आपल्या ब्लाउजचा गळा बोटांनी मोजणारी आई त्यांना आठवली. पण कायद्याने विचारणं भाग होतं. त्यांनी फोन लावला.

"आई, शहाऐंशीच्या एका फितीबद्दल विचारायचं आहे. तुझी नाडी जुळते."



"हिरा आली असेल," आई म्हणाली. "जाळा म्हणत असेल."

"हो. तू म्हणशील तसं करू."

"नाव घातलं तर कुठं येतं? सुरुवातीला की शेवटी?"

"सुरुवातीला."

"मग साळोखे लिहू नकोस. चोवीस वर्षांची होते मी, लग्न व्हायचं होतं. कुमुद वाघवेकर लिही."

मृदुलांनी अर्ज पुढे ओढला आणि लिहायला घेतलं.