मानाचा पंचा

उंबरमळा तालमीतल्या मुलांना गजकर्ण झालं आणि खापर फुटलं आम्हा मुलींच्या डोक्यावर.

मी केतकी मगदूम, इयत्ता सातवी. आमची तालीम फार जुनी असली तरी आता तिथे कुस्तीसाठी गादी आहे आणि गादी पुसायला पुसक्या नावाचा यंत्रमानव आहे. सगळे घरी गेले की पुसक्या गादी धुतो, मग तिच्यावर अतिनील किरण (डोळ्यांना न दिसणारा, जंतूंना मारणारा प्रकाश) सोडतो. सकाळी गादी अशी लख्ख की तिच्यावर पंगत बसवावी. तरीही एकामागून एक मुलांच्या गालांवर, मानेवर लाल, खाजरी कडी उमटत होती. हे कसं, ते कुणालाच कळेना.

आमच्या दिनकर वस्तादांनी मात्र कोडं झटक्यात सोडवलं. मुली यंदाच तालमीत आल्या, गजकर्णही यंदाच आलं, तेव्हा मुलींनी आजपासून गादीवर यायचं नाही. झालं! रविवारी जिल्ह्याची निवड होती आणि तालमीनं पाठवल्याशिवाय तिथे उतरता येत नाही. म्हणजे माझी वर्षभराची मेहनत पाण्यात.

मला राग आला. असा आला की रडूसुद्धा फुटलं नाही. मी घरी जाणार नाही म्हणून सांगितलं आणि तालमीच्या उंबऱ्याशी फतकल मारून बसले. वस्ताद म्हणाले, बस पाहिजे तेवढं.

दुपारी तालीम रिकामी झाल्यावर पुसक्या घरंगळत माझ्याजवळ आला. गजकर्ण म्हणजे नक्की काय, असं मी त्याला विचारलं. त्यानं सांगितलं, की ती एक बुरशी आहे, शिळ्या भाकरीवर उगवते तिची लांबची बहीण. तिचे बीजाणू (धुळीहून बारीक बी) असतात. त्यांना पाय नसतात, कुणीतरी त्यांना उचलून न्यावं लागतं. अंगाला अंग घासलं, किंवा एकानं वापरलेली वस्तू दुसऱ्यानं वापरली, की ते पलीकडे पोचतात. ओलावा आणि ऊब मिळाली की त्यांची चंगळ. गरम पाण्यात, साबणात आणि कडक उन्हात मात्र त्यांचा निभाव लागत नाही.

"पण गादीवर आम्ही चौघी मुलीही लोळतो," मी म्हणाले. "मग आमच्यातल्या एकीलाही गजकर्ण कसं नाही?"

पुसक्याचे डोळे लुकलुकले. "मुलं हात लावतात आणि मुली लावत नाहीत, असं इथे काय आहे?"

मी मान वळवली. दाराजवळच्या कोनाड्यात मानाचा पंचा लटकत होता. वस्तादांच्या गुरूंनी मोठी कुस्ती मारली तेव्हा तो त्यांच्या खांद्यावर होता. जोर-बैठका झाल्या की प्रत्येकानं त्याला तोंड पुसायचं, म्हणजे गुरूंची ताकद अंगात येते. धुवायचा नाही, नाहीतर ताकद वाहून जाते. मुलींनी शिवायचाही नाही. पुसक्याचे किरण गादीवर पडत, कोनाड्यापर्यंत पोचतच नसत.

पुसक्याकडे चमकभुकटी असते. ती अपाय करत नाही, एरवी दिसत नाही, पण जांभळ्या दिव्याखाली हिरवीगार चमकते. आपण नीट पुसलं की नाही, हे तो तिनं तपासतो. मी चिमूटभर मागितली. पुसक्यानं मला नियमाची आठवण करून दिली.

"माहीत आहे," मी म्हणाले आणि पंच्याला हात लावला.

संध्याकाळी बाकीच्या तिघीही माझ्याजवळ दारात येऊन बसल्या. मेहनत झाली, मुलांनी आणि वस्तादांनी पंच्याला तोंडं पुसली. मी दिवे घालवले आणि पुसक्यानं आपला सौम्य जांभळा दिवा लावला. सगळी तोंडं हिरवी चमकू लागली. मुलं एकमेकांना हसत सुटली, मग वस्तादांच्या हिरव्या मिशा दिसल्या आणि हसू थांबलं. दारातल्या आम्हा चौघींचे चेहरे तेवढे कोरे होते. माझी बोटं मात्र चमकत होती आणि ती मी लपवली नाहीत.

"भुकटी मी पंच्यावर टाकली होती, वस्ताद. ती जशी तोंडातोंडावर गेली तसंच गजकर्णही गेलं."

"पंचा काय आजचा हाय व्हय? मग यंदाच कसं?"

त्यावर पुसक्या बोलला. कुणीतरी बाहेरगावच्या कुस्त्यांच्या मैदानातून एकदा ते आणलं असेल. यात त्याचा दोष नाही, पण पंच्यानं ते सगळ्यांना वाटलं.

"माझ्या गुरूची ताकद हाय त्यात," वस्ताद हळूच म्हणाले.

"असंल," मी त्यांच्याच बोलीत म्हणाले. "पण आता बुरशीबी हाय."

वस्तादांनी सदऱ्याचं वरचं बटण काढलं. त्यांच्या गळ्यावरही एक कडं होतं.

दुसऱ्या दिवशी त्यांनी स्वतः पंचा उकळला आणि उन्हात घातला. भिंतीवर नावांच्या खुंट्या आल्या, ज्याचा त्याचा पंचा ज्याच्या त्याच्या खुंटीवर. मेहनत झाली की साबणानं अंघोळ, खरचटलं तर पट्टी, आणि गजकर्ण असेल त्यानं डॉक्टर हो म्हणेपर्यंत गादीवर उतरायचं नाही. वस्तादही उतरले नाहीत, काठावरून ओरडत राहिले. आम्ही चौघी मात्र गादीवर परतलो.

रविवारी मी निवडीची कुस्ती मारली. वस्ताद गर्दीतून पुढे आले आणि त्यांनी मानाचा पंचा, धुतलेला, पांढराशुभ्र, माझ्यापुढे धरला. तालमीतल्या कुठल्याही मुलीला तो मान मिळाला नव्हता. मी त्याला मनापासून हात जोडले. मग खांद्यावरचा माझा पंचा काढला आणि त्याला तोंड पुसलं.

वस्ताद गालात हसले. म्हणाले, "फुडच्या साली धा पोरी घिऊया तालमीत."

मी म्हणाले, "दहाच कशाला? खुंट्या वीस ठोका."