मंजुश्री कंडक्टरचा सीन

मेहकर-लोणार गाडीत त्याच्याआधी त्याच्या पेट्या चढल्या. कंडक्टर मी. म्हटलं, "लगेजचं तिकीट लागीन."

"कॅमेरा मांडीवर घेतो ना," तो म्हणाला.

"आन् हा तीन टांगांचा स्टँड? त्याले कोणाच्या मांडीवर बसवता?"

तो हसला... आणि माझी मेलीची बेल द्यायचीच राहिली.

नाव संघर्ष. मूळचा आमच्याच भागातला, अमडापूरचा, पण बोलणं पार पुण्याचं झालेलं. लोणारच्या सरोवरावर माहितीपट चालला होता, त्याचा हा कॅमेरामन. वीस दिवस युनिटची जीप सोडून माझ्याच गाडीनं यायचा.

"तुमी मले काऊन पाहून राह्यले?" एकदा विचारलंच मी.

"उजेड छान पडलाय तुझ्यावर—"

"उजेड साऱ्या गाडीवर पडला हाय."

"मला तूच दिसतेस, त्याला मी काय करू?"

असल्या बोलण्यानं माणूस खुळा होतो. मी झाले.

शेवटच्या दिवशी सरोवराच्या काठावर मी मनातलं सगळं सांगून टाकलं. त्यानं ते नीट ऐकून घेतलं. मग माझा हात धरून म्हणाला, "एक मालिका हातात आहे. ती झाली की तुझ्या बाबांना भेटायला येतो."

त्या शब्दावर मी डोणगावचं चांगलं स्थळ मोडलं. बाबा महिनाभर माझ्याशी बोलले नाहीत, मग तेही त्याची वाट पाहू लागले. त्याचा फोन आधी रोज यायचा, मग आठवड्यानं, मग... जाऊ द्या.

दीड वर्षानं तो आला. घरी नाही, मेहकरच्या स्टँडवर, अख्खं युनिट घेऊन. मालिकेची नायिका कंडक्टर होती; ते काम मनाली नावाची नटी करत होती.

"मनालीला तिकिटाचं मशीन कसं धरायचं तेवढं शिकव ना, मंजू," इतकं सहज म्हणाला, की मी शिकवलंही.

शॉट लागला. मनाली नायकाला म्हणाली, "तुमी गेले, तं भरल्या गाडीतबी कोणी बसलंच नाही, असं वाटीन मले."

हे माझं बोलणं होतं. काठावर मी त्याला एकट्याला म्हटलेलं, आणि यानं ते लेखकाला देऊन टाकलं होतं.

शॉट संपल्यावर तो खुशीत माझ्याकडे आला. "बरोबर बोलली ना?"

"हाव. बरोबर बोलली."

"मग... रडतेस काऊन?" इतक्या दिवसांत पहिल्यांदा त्याच्या तोंडून आमची बोली निघाली.

"मले वाटलं, तवा तुमी ऐकून राह्यले होते. तुमी तं कामाचं तेवढं उचलून राह्यले होते." मी डोळे पुसले. "बाबा अजून तुमची वाट पाहून राह्यले. मी सांगतो त्याईले. आता येऊ नका."