बिनकडीचं दार

विश्वास ठेवा नाहीतर सोडा, पण नायगावच्या आमच्या टॉवरमध्ये हे घडलंय. सोळा डिसेंबरला, विजय दिवशी. भर संध्याकाळी, खाली पोरं खेळत असताना.

दीपिका आमच्याच मजल्यावर राहते, तिच्या आत्याबरोबर, राधाबाईंबरोबर. राधाबाईंचा थोरला भाऊ कोंडीराम एकाहत्तरच्या लढाईत सीमेवर बेपत्ता झाला.

ना निरोप, ना देह.

टॉवरच्या जागी तेव्हा आमची चाळ होती. चाळीने त्याला शहीद ठरवून टाकलं. चौकाला त्याचं नाव दिलं. दर विजय दिवसाला 'अमर रहे'च्या घोषणा. देश म्हणजे काय, हे आम्ही सगळे त्याच्या फोटोकडे बघूनच शिकलो.

राधाबाई मात्र घरातल्या फोटोला हार घालू देत नसत. "मेला म्हणून कुणी सांगितलं तुम्हाला?" म्हणत अंगावर येत. दादा दाराची कडी वाजवायचा आणि उघडायला ही धाकटी धावायची. तो आला आणि दारात आपण नसलो तर? त्यापायी बाईंनी लग्नसुद्धा केलं नाही.

चाळ पाडली तेव्हा त्या ढसाढसा रडल्या. "आता दादा कुठं यायचा गं?"

त्या दिवशी सोसायटीला ग्रुपवर टाकायला हार घातलेला फोटो हवा होता. आत्या आंघोळीला गेली... आणि दीपिकाने हार घातला. एका मिनिटापुरता हो!

खाली घोषणा सुरू झाल्या. "शहीद कोंडीराम..."

इंटरकॉम वाजला. खालून वॉचमन.

"ताई, एक पोरगा आलाय. नाव कोंडीराम सांगतोय. वर पाठवू?"

सोसायटीतल्या कुणाची तरी मस्करी, दीपिकाला वाटलं. "पाठव," ती चिडून म्हणाली, "बघतेच त्याला."

लिफ्ट थांबली.

मग... कडी वाजली.

खळ्... खळ्... खळ्...

नव्या दाराला बेल आहे. कडी नाहीच!

राधाबाई ओल्या केसांनी धावत आल्या. आधी हार ओढून काढला, मग दार उघडलं.

बाहेर कुणीच नव्हतं...

"केवढा उशीर रे दादा," त्या म्हणाल्या आणि बाजूला सरकल्या. कुणालातरी आत घ्यावं तशा.

अंधार पडल्यावर पुन्हा इंटरकॉम.

"ताई, तो पोरगा अजून खाली आला नाही."

दीपिकाने घाबरून आत्याकडे पाहिलं.

"जाईल कशाला?" राधाबाई म्हणाल्या. "घरी आलाय तो."

सव्वीस जानेवारीला सोसायटीने पुन्हा हाराचा फोटो मागितला. दीपिकाने साफ नकार दिला.

त्या दारावरून जाताना आम्ही आता पाय उचलतो. कडी अजून वाजते...

आतून.