लागला का रे शिवा?

पहिलटकरीण लेकीला बाळंतपणासाठी माहेरी आणायचं काम बापाकडे आलं, की तो बाप चार दिवस आधीपासून जमिनीवर नसतो. तुळशीरामचं अगदी तसंच झालं होतं. शकूला सातवा लागल्याचा निरोप पेणहून आला, तेव्हापासून पनवेलच्या खाडीकाठी त्याच्या घरापुढे उभी असलेली जीप तीनदा धुऊन झाली होती. मागच्या बाकावर गोधडी, तिच्यावर चटई आणि चटईवर पुन्हा गोधडी. त्याची बायको भामा शेवटी कंबरेवर हात ठेवून म्हणाली होती, "अवो, पोर आनताय का अंडी?"

जीप लढाईतली होती. लढाई संपल्यावर अमेरिकन सैन्याचा माल मुंबईत लिलावात निघाला, त्यातली. आता अठ्ठावन्न साल सरत आलं, तरी इंजिन मारक्या म्हशीसारखं जोरकस होतं. तक्रार एकाच गोष्टीची. ब्रेक दाबल्यावर मागे लागणारा लाल दिवा या जीपला एकच होता. मूळचा लष्करी दिवा केव्हाच निकामी झाला आणि मुंबईच्या जुन्या बाजारातून आणलेला गोल दिवा तिथे बसवला होता. पण त्या दिव्याचं पुढे येईलच.

पेणला व्याह्यांनी पाहुणचार जरा जास्तच केला. चहा झाला, पोहे झाले, पापडांची चळत बांधून झाली. विहीणबाईंनी शकूच्या हिरव्या लुगड्याच्या ओटीत नारळ घातला आणि डोळे पुसले. निघता निघता ऊन कलायला लागलं होतं. भामा लेकीला घेऊन मागे बसली. शकूने तिच्या मांडीवर डोकं टेकलं आणि तारा गाव मागे पडायच्या आत ती झोपून गेली. मार्गशीर्षातली गार हवा, कापणी झालेली शेतं, रस्त्याकडेला रचलेल्या पेंढ्यांचा गोड वास. आपण एवढे सुखी कधी होतो, हे तुळशीराम आठवत होता आणि त्याला आठवत नव्हतं.

कर्नाळ्याच्या खिंडीचा चढ सुरू झाला आणि मागून आलेल्या एसटीने जीपला मागे टाकलं. जाता जाता ड्रायव्हरने डोकं बाहेर काढून आवाज दिला.

"ओ जीपवाले! ब्रेकचा दिवा गेलाय तुमचा!"

तुळशीरामचा हात आपसूक सदऱ्याच्या खिशाकडे गेला. जगात दिवे जातच असतात, त्यात एवढं काय, असं कोणी म्हणेल. पण दोन वर्षांपूर्वी याच खिंडीत, अशाच उतरत्या उन्हात हाच दिवा गेला होता. तेव्हा त्याच्याबरोबर शिवा असायचा. शिवा त्याचा क्लीनर, गाववाला आणि सगळ्यात जवळचा माणूस. मागच्या फळीवर पाय खाली सोडून बसायचं आणि विडी ओढायची, ही त्याची जागा. "दादा, दिवा गेलाय, बदलू या," शिवा म्हणाला होता. तुळशीराम म्हणाला होता, "घरी गेल्यावर बघू." खिंडीच्या उतारावर पुढे म्हैस आली, तुळशीरामने ब्रेक दाबला आणि मागच्या ट्रकला ते कळलंच नाही. शिवा घरी आला तो घोंगडीत गुंडाळून.

तेव्हापासून तुळशीरामच्या सदऱ्याच्या खिशात कापसात गुंडाळलेला एक नवा बल्ब कायम असे. त्याने जीप कडेला घेतली.

"इथं?" भामा दबक्या आवाजात म्हणाली. "खिंडीत? आन तिनसांजेला?"

"इथंच. घरी गेल्यावर बघू, असं मी आता म्हननार नाय."

भामाने कमरेचा लोखंडी विळा काढून शकूच्या उशाला ठेवला. पोटुशी बाई तिन्हीसांजेला खिंडीत जमिनीवर पाय ठेवत नाही, आणि तिला तिथे एकटी कोणी सोडत नाही. हे काही भामाला कोणी शिकवलं नव्हतं. खाडीकाठच्या बायकांना ते आईच्या दुधाबरोबरच मिळतं.

तुळशीराम मागे गेला. दोन स्क्रू काढले, लाल काच बाजूला केली, जळका बल्ब दाबून फिरवून बाहेर काढला. नव्या बल्बला दोन खुंट्या असतात, एक जरा वर आणि एक जरा खाली. त्या तशाच खाचेत बसायला हव्यात. उलट्या बसल्या तर ब्रेकचा दिवा मिणमिणतो आणि मागून येणाऱ्याला काहीच दिसत नाही. "दादाला गाडी चालवता येते, पन बल्ब बसवता येत नाय," असं शिवा चारचौघांत हसून सांगायचा. ते खरंच होतं. तुळशीरामने चाचपडत बल्ब बसवला, काच लावली आणि दोन्ही स्क्रू घट्ट आवळले.

आता खरी पंचाईत. ब्रेक दाबायचा पुढे आणि दिवा लागतो मागे. एकट्या माणसाला ते कसं कळणार? त्याने पेडलवर काठी टेकवून पाहिली. वाटीएवढं ते गोल पेडल, काठी दोनदा सटकली. "भामे, जरा पुढं येऊन पाय दाब," तो म्हणाला. भामाने नुसतं मांडीवरच्या डोक्याकडे बोट दाखवलं. पोरीला सोडून ती हलणार नव्हती.

डोंगराच्या मागे सूर्य गेला होता. झाडांत पाखरांचा कालवा चालला होता, तो एकदम थांबला. तुळशीराम पुढे बसला, पेडल दाबलं, मान बाहेर काढली आणि जसा दहा वर्षं ओरडत आला होता तसाच ओरडला.

"लागला का रे शिवा?"

शब्द तोंडातून गेल्यावर त्याला कळलं, आपण काय करून बसलो. भामाने मागे श्वास आत ओढला, तो त्याला स्पष्ट ऐकू आला. खिंडीत, तिन्हीसांजेला, गेलेल्या माणसाला नावाने हाक मारायची नसते. हाक मारली की त्याला वाट सापडते. तुळशीरामचा पाय पेडलवर तसाच राहिला. कुठे पान हलत नव्हतं.

"लागला..."

आवाज गाडीच्या मागून आला. अगदी हाताच्या अंतरावरून. जरासा घोगरा, घशात विडीचा धूर अडकल्यासारखा.

"...पन मिनमिनता. उल्टा बसवलास, दादा."

तुळशीरामची पाचावर धारण बसली. गाडी सुरू करावी आणि सुसाट सुटावं, हे पहिल्यांदा मनात आलं. मग दुसरं आलं. बल्ब खरंच उलटा बसला असेल तर? पुढे उतार होता, तोच उतार. आणि खोटं असेल तर? माझ्या आळसापायी जो माणूस गेला, तो मला खरं कशाला सांगेल? मला मागे बोलवायचं आणि... पुढचं त्याने मनातसुद्धा म्हटलं नाही. त्याने वळून पाहिलं. शकू शांत झोपली होती. हिरव्या लुगड्याखाली तिचं पोट संथपणे वरखाली होत होतं. भामाने एक हात त्यावर आणि एक विळ्यावर ठेवला होता. ती त्याच्याकडे पाहत होती.

तुळशीराम खाली उतरला.

मागे कोणी नव्हतं. विडीचा वास मात्र होता, ताजा. लाल काच काढून मागच्या फळीवर उताणी ठेवलेली होती आणि तिच्यात, बशीत ठेवावेत तसे, दोन्ही स्क्रू. एवढे घट्ट आवळलेले ते स्क्रू! शिवा नेहमी असेच काढून ठेवायचा, हरवू नयेत म्हणून.

तुळशीरामने मान वर केली नाही. बल्ब काढला. उलटाच होता. त्याने तो फिरवून नीट बसवला आणि काच लावता लावता, समोर कोणी उभं असावं तसं हळूच म्हणाला, "शिवा... शकू हाय रे गाडीत. तुझ्या खांद्यावर बसून जत्रेला गेलेली. त्या दिवशी मी चुकलो. माझा राग तिच्यावर नको काढू."

स्क्रू आवळून तो पुढे येऊन बसला, पेडल दाबलं. या वेळी हाक मारायची हिंमत नव्हती आणि गरजही पडली नाही.

"लागला."

आणि गाडीच्या पाठीवर दोन थापा पडल्या. चला, निघा, असं सांगणाऱ्या क्लीनरच्या थापा.

तुळशीरामने गाडी सोडली. मागे शकूने झोपेतच पाय पोटाशी घेतले आणि आईकडे सरकली. बाकाचा फळीकडचा अर्धा भाग मोकळा झाला. कोणाला बसायला जागा करून द्यावी, तसा. भामाने ते पाहिलं आणि तोंडाला पदर लावला.

उतार लागला. मागे ट्रकच्या घरघरीचा आवाज आला, वाढत वाढत जवळ आला. तुळशीरामच्या मनात एकच गोष्ट घुमत होती. दिवा लागतो, असं सांगणारा जगात एकच जण आहे आणि तो आपल्यामुळे मेलेला आहे. वळणावरून गाडी बाहेर पडली आणि समोर रस्ताभर पेंढ्याने लादलेली बैलगाडी! त्याने डोळे मिटले आणि दोन्ही पायांनी ब्रेक दाबला. मागे ट्रकची चाकं किंचाळली. रबर जळल्याचा वास आला. आणि सगळं थांबलं.

काळ आला होता, पण वेळ आली नव्हती. ट्रक जीपच्या मागे वीतभरावर उभा होता. पांढऱ्या दाढीचा ड्रायव्हर खाली उतरून पुढे आला, तोही घामाघूम.

"या अल्ला! भाईसाब, तुमचा लाल दिवा कसा लख्ख लागला, म्हणून पाय पडला माझा ब्रेकवर. नाहीतर आज खैर नव्हती."

तुळशीरामने त्याचा हात दोन्ही हातांत धरला आणि लहान पोरासारखा रडला. म्हाताऱ्याला वाटलं, घाबरला असेल. पण ते रडणं भीतीचं नव्हतं. शिवा खरं बोलला होता. दोन वर्षं छातीवर ठेवलेला धोंडा कोणीतरी उचलून बाजूला ठेवला होता. शकू जागी झाली आणि तिने जांभई देत विचारलं, "बाबा, आलं का पनवेल?"

"आलंच, बाय," तो म्हणाला. आणि पळस्प्यापासून घरापर्यंत तो चक्क गुणगुणत होता.

घरापुढे कंदील घेऊन शेजारची कृष्णाबाई उभीच होती. बाहेरून आलेल्या पोटुशीवरून भाकरीचा तुकडा ओवाळून टाकायचा, म्हणजे वाटेत जे कोणी सोबत लागलं असेल ते आपला वाटा घेऊन परत फिरतं. तुकडा मागे टाकायचा, तो पडल्याचा आवाज आला की सोबत सुटली समजायची आणि वळून न बघता आत जायचं. कृष्णाबाईने तुकडा आणि पाण्याचा तांब्या पुढे केला.

"दोन तुकडे आन," भामा म्हणाली.

"दोन? जुळी हायत का काय गं?" कृष्णाबाई हसली आणि आणखी एक तुकडा आणून शकूचा हात धरून उभी राहिली.

भामाने पहिला तुकडा लेकीवरून ओवाळला, पाणी फिरवलं आणि तुकडा मागे भिरकावला. अंगणातल्या सुक्या पेंढ्यावर तो खस्सकन पडला. शकू उजवा पाय टाकून घरात गेली, तिच्यामागून कृष्णाबाई. आतून लगेच दोघींचं हसणं ऐकू यायला लागलं.

मग भामा जीपच्या मागे गेली. तुळशीराम तिच्याजवळ येऊन उभा राहिला. एवढ्या वाटेत दोघं त्याबद्दल एक अक्षर बोलली नव्हती.

"पोरीला सुखरूप आनलंस, भावजी," भामा रिकाम्या फळीकडे बघून म्हणाली. "उपकार झाले. आता तुज्या जागी जा."

तिने दुसरा तुकडा हवेतच तीनदा ओवाळला, पाठ फिरवली आणि खांद्यावरून मागे टाकला. त्याच पेंढ्याच्या दिशेने.

दोघं कान देऊन उभी राहिली. खाडीवरून वारा आला आणि गेला.

"आई, बाबा, या ना आत," शकूने घरातून हाक मारली. "किती वेळ उभी राहताय?"

पण तुकडा पडल्याचा आवाज आल्याशिवाय आत जाता येत नाही. आणि तो आवाज अजून आला नव्हता.