वर राहिलेला पाना

विश्वास ठेवू नका, माझं काही बिघडत नाही. पण मी स्वतः तिथे होतो. रविवार, मेगाब्लॉक, मुलुंड. भर दुपारचे बारा.

मी नितेश. रेल्वेच्या ओव्हरहेड वायरवर कामाला. आधी माझे बाबा होते याच गँगमध्ये. काशीराम.

बाबांची उमेदीची सगळी वर्षं जुन्या डीसी करंटखाली गेली. तारेला हात लागला नाही तर काही होत नाही, ही त्यांची सवय. मग मुंबईत एसी आला. पंचवीस हजार व्होल्ट. ही तार नुसतं जवळ गेलं तरी माणूस ओढते.

आमच्यात एक रीत आहे. ब्लॉकमध्ये करंट बंद करून काम चालतं, ते संपलं की मिस्त्री एकेकाला नावाने हाक मारतो. प्रत्येकाने ओरडायचं, "खाली!" मगच करंट सोडतात.

बाबा गेले त्या दिवशी तेही "खाली" म्हणाले होते. करंट आला. मग त्यांना वाटलं, पाना वर राहिला. "लांबूनच उचलतंय," म्हणत चढले.

तारेला हात लागलाच नव्हता.

पाना नंतर सापडला... त्यांच्याच डब्याच्या पिशवीत.

त्यांच्या जागी मी लागलो. त्या रविवारी काम नेमकं त्याच खांबावर होतं. जयवंतकाका मिस्त्री, बाबांचे जिगरी दोस्त. त्यांनी हाका मारल्या. सगळे "खाली!" म्हणाले.

आणि मग... वरून...

"मी वर आसंय. पानो गावाक नाय."

बाबांचा आवाज, त्यांच्या मालवणीत. पाना सापडत नाही म्हणत होते. वर कोणीच नव्हतं.

काका मटकन रुळावर बसले. तेवढ्यात कंट्रोल रूमचा फोन. "अहो, करंट सोडू का? गाड्या खोळंबल्यात!"

मी काकांचा हात धरला. "काका, बाबा वर आहेत ना!"

"येड्या, तो गेला रे..." काका रडत होते. फोनवर म्हणाले, "सोडा."

मी डोळे मिटून घेतले. माझ्या बापाच्या अंगावर मीच करंट सोडतोय असं वाटलं.

घरी आईला सांगितलं. पाना तिने देवापाशी ठेवलेला.

"पुढच्या ब्लॉकला सांगून टाकतो," मी म्हणालो, "पाना पिशवीतच होता."

"नको रे बाबू! फुकट मेलंय म्हणान कळला तर जीव तुटात त्येंचो. वर नेऊन ठेव. गावू दे त्येंका."

पुढच्या ब्लॉकला मी पाना सुतळीने खांबाला बांधला. काम झालं. हाका झाल्या. मी श्वास रोखून उभा...

"खाली."

एवढंच. बाबांचा आवाज, अगदी कानाशी.

संध्याकाळी आईने डबा काढायला माझी पिशवी उघडली...

आत पाना होता.

देवाशप्पथ, मी स्वतः बांधला होता वर!

आई घाबरली नाही. दोन ताटं वाढलेली होती, तिने तिसरं घेतलं. दाराकडे बघून म्हणाली, "हात धुवन येवा."

आणि मोरीतला नळ सुरू झाला.

मला भीती वाटते, खोटं कशाला बोलू. पण मोरीचं दार मी अजून लावून घेत नाही.